मुळात वाळू

तिरोडकरकाका कुणाच्याही घरी गेले की आधी मिठाची बरणी मागत. चहा नको, पाणी नको, पंखा राहू दे, बरणी आण. बरणी आली की झाकण काढून ती सरळ ताटलीवर उपडी करायची. मीठ भुरभुरत पडलं तर घर पास. गोळा होऊन बरणीलाच चिकटून राहिलं तर काका तिच्या बुडावर दोन टिचक्या मारत आणि यजमानाकडे असे बघत, जणू घरात कुणाला तरी क्षय निघालाय. "ओल आसा रे," म्हणत. मग उठून भिंतीला तळहात लावत. तापलेल्या पोराच्या कपाळाला लावावा तसा.

मुलुंडच्या पूर्वेला राहणाऱ्या माणसाच्या घरात ओल नसेल तर काय असेल? आमच्या सोसायटीच्या गच्चीवरून मिठागरं दिसायची. उन्हाळ्यात मिठाचे पांढरे ढीग आणि त्यांच्यापलीकडे खाडी. तिकडून वारा आला की मीठ आणि पाणी दोन्ही घेऊन यायचा. जिन्याचे कठडे गंजायचे, पापड डब्यात मऊ पडायचे, काडेपेटीच्या काड्यांची डोकी नुसती घासून जायची. आम्ही सगळ्यांनी हे मान्य केलं होतं. काकांनी केलं नव्हतं.

ते आमच्या समोरच्या दारात राहत. भांडुपच्या एका कंपनीत, मोजमापाची यंत्रं पॅक करायच्या खात्यात होते. त्या यंत्रांच्या खोक्यात ओल शोषणाऱ्या निळ्या दाण्यांच्या पुड्या घालतात. सिलिका जेल. साबुदाण्याएवढे, चकचकीत निळे दाणे. कोरडे असले की निळे, ओल प्यायले की गुलाबी. त्या दाण्यांनी काकांचं काय केलं देव जाणे. माणसं नोकरीतून पेन्शन नेतात, पाठदुखी नेतात. काका एक विचार घेऊन रोज संध्याकाळी घरी येत आणि तो पहिला जो भेटेल त्याला देत. मी समोर राहायचो, त्यामुळे बहुतेक वेळा मलाच मिळायचा.

"मुळात..." असं म्हणून ते जरासे थांबत. मोठे वक्ते टाळ्यांसाठी थांबतात तसे. मग डोळे बारीक करून म्हणत, "मुळात वाळू."

विषय कुठलाही चाले. मी हौसेनं नवं क्वार्ट्झचं घड्याळ घेतलं. काकांनी माझं मनगट धरून ते उलटंपालटं केलं. "क्वार्ट्झ क्वार्ट्झ म्हणून नाचतोस, मुळात ता काय? गारगोटी! आमच्या गावात म्हशीक मारूक वापरतत ती. तिला विजेचा स्पर्श झाला की ती थरथरते. आणि थरथरताना चुकत नाही. पाध्या, तू साहेबासमोर थरथरतोस तेव्हा चुका करतोस की नाही?"

"करतो."

"गारगोटी करत नाही."

सोसायटीचे चेअरमन मोघे कुणा ज्योतिषाच्या सांगण्यावरून लाल अकीकाच्या खड्याची अंगठी घालून आले. काका म्हणाले, "मोघे, अकीक म्हणजे सिलिकाच. बोटात वाळू घालून फिरतोस आणि गच्चीची गळती काढायला पैसे नाहीत म्हणतोस." खिडकीची काच म्हणजे वितळवलेली वाळू. सुताराचा पॉलिशपेपर म्हणजे चिकटवलेली वाळू. गवताचं पातं बोट कापतं, कारण झाड मुळातून पाण्याबरोबर सिलिका पितं आणि तिची धार करून ठेवतं. भाताच्या तुसात तीच, म्हणून तर तुसाच्या राखेनं आमच्या आज्यांचे दात शेवटपर्यंत शाबूत. "सिलिकॉन नावाचं एक द्रव्य आणि हवेतला प्राणवायू, यांचं लग्न म्हणजे सिलिका. आणि लग्न असं, की घटस्फोट करू म्हटलं तरी भट्टी लावावी लागते. नाव बदलतं, रंग बदलतो, किंमत बदलते. कुठे गारगोटी, कुठे अकीक, कुठे काच. मुळात वाळू."

यातलं किती बरोबर होतं मला माहीत नाही. एकदा त्यांनी तुरटीलाही सिलिका ठरवलं होतं आणि महिनाभरानं खालमानेनं येऊन "तुरटी नाय" एवढंच सांगून गेले होते. पण मीठ सिलिका नाही, हे मात्र त्यांना मनातून लागलं होतं. पांढरं, दाणेदार, दिसायला वाळूची सख्खी बहीण. आणि गुण हा असा! "मीठ म्हणजे नाटकी बाई रे. पाणी दिसलं की लागली रडायला, की गेली विरघळून. सिलिका बघ. किती पाणी पोटात घेते, पण जागची हलत नाही. तव्यावर चटके दे, पाणी सोडते आणि परत कामाला उभी. माणसानं असा असाक व्हया."

दर रविवारी सकाळी हा तवा चढायचा. आठवडाभर घरातल्या डब्यांत, कपाटांत, लग्नाच्या अल्बमात ठेवलेल्या पुरचुंड्या काका गोळा करत, गुलाबी दाणे लोखंडी तव्यावर ओतत आणि उलथन्यानं परतत बसत. गुलाबीचे जांभळट, जांभळटाचे निळे. आमच्या पुरचुंड्याही त्यांनीच आणून ठेवल्या होत्या आणि रविवारी वसूल करायला तेच यायचे. माझी बायको वसुधा म्हणायची, "दूधवाला चुकेल, काका चुकायचे नाहीत."

एका संक्रांतीला असेच भाजलेले दाणे त्यांनी गार करायला वाटीत काढून टेबलावर ठेवले होते. अर्धे निळे, काही गुलाबी राहिलेले. मोघे तिळगूळ द्यायला आले. काका आतून पुरचुंड्यांचं फडकं आणेपर्यंत मोघ्यांनी वाटीतला हलवा चिमूटभर उचलला, "गोड बोला" म्हणाले आणि तोंडात टाकला. पुढच्या क्षणी त्यांच्या तोंडातून तडतड आवाज आला. कोरडे दाणे पाण्यात पडले की तडकतात. मोघ्यांच्या जिभेवर तडकत होते, आणि जीभ टाळूला चिकटली होती. काका धावत आले. आम्हाला वाटलं, माणसाला धरतील. त्यांनी आधी वाटी धरली.

"थुंक! रंग चांगला नसतो त्याचा. चूळ भर, चूळ! किती घेतलेस?"

"अं... अं..."

"चांगले सुकवलेले घेतलेस रे मेल्या! गुलाबी तरी घ्यायचे!"

मोघ्यांना काही झालं नाही. पण पुढे कुठल्याही हळदीकुंकवाच्या घरी हलवा आला की ते तो आधी ओल्या बोटावर ठेवून बघायचे.

या सगळ्यात काकू कुठे होत्या, असं कुणी विचारेल. काकू शेजारीच असायच्या, खुर्चीत, प्रसन्न चेहऱ्यानं. त्यांना ऐकू येत नसे. मीनाच्या, म्हणजे त्यांच्या एकुलत्या एका मुलीच्या, जन्मानंतर मोठा ताप आला आणि त्यात कान गेले. कानाचं मशीन आलं ते मीना कॉलेजात गेल्यावर. सिगरेटच्या पाकिटाएवढी डबी, ती पोलक्यात खोचलेली, आणि तिच्यातून निघालेली वायर कानात. आवाज पकडायची जाळी त्या डबीला. मीना लग्न होऊन जामनगरला गेली आणि तिचे फोन आमच्याकडे यायचे, तेव्हा काकू रिसीव्हर कानाला लावायच्याच नाहीत. छातीशी धरायच्या. डोळे मिटून, मान खाली घालून, टेलिफोन काळजाशी धरून ऐकायच्या. मग बोलायची पाळी आली की तो वर उचलून तोंडाशी न्यायच्या. वसुधा अशा वेळी उगाच स्वयंपाकघरात जाऊन भांडी हलवत बसायची.

डबीला एक बटण होतं. आणि ही गोष्ट अख्ख्या बिल्डिंगला माहीत होती, की काका "मुळात" म्हणाले की काकूंचा हात पदराखाली जातो. पुढचा अर्धा तास काकू कुठल्याशा निवांत गावाला गेलेल्या असायच्या. मधूनच मान हलवायच्या. काका भट्टीतल्या वाळूचं सांगत असायचे आणि काकू म्हणायच्या, "हो ना, आणि आताशा बोंबील तरी कुठे मिळतायत चांगले."

मी कमी बोलणारा माणूस. चारचौघांत माझ्या बोलण्याला कधी कुणी हसलं नाही. पण जिन्यात, काका नाहीत असं बघून, मी त्यांची नक्कल करायचो. "मुळात..." म्हणायचो, थांबायचो, आणि डावा हात हळूच शर्टाखाली न्यायचो. लोक कठडा धरून हसायचे. हे मी आजवर कुठे लिहिलं नाही. त्या हसण्याची मला चटक लागली होती आणि ती लाज अजून माझ्याजवळ आहे, एवढंच सांगतो आणि पुढे जातो.

त्या वर्षी आषाढात मीना पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली. काकू कधी नव्हत्या इतक्या बोलत होत्या. वसुधाकडे येऊन बसल्या आणि म्हणाल्या, "मीना तान्ही होती ना, तेव्हा मी पाळण्याची दोरी पायाच्या अंगठ्याला बांधून झोपायचे. ती हलली की दोरीला हिसका बसायचा, मग मी उठायचे. ती रडताना मी फक्त तिचं उघडं तोंड बघितलंय गं. आवाज कसा होता, ते नाही माहीत मला." मग पोलक्यावरून डबी चाचपली आणि हसल्या. "आता या वेळेला नाही चुकायची."

आणि आठवडाभरात मशीन बंद पडलं.

आधी खरखरलं, मग तुटक बोलायला लागलं, मग गप्प झालं. घाटकोपरच्या दुरुस्तीवाल्यानं उघडून आतला गंज खरवडला आणि सांगितलं, "घाम नि पावसाळी हवा, आतपर्यंत ओल गेलीय. पूर्ण सुकलं तर चालेल. पण आता या हवेत कुठलं सुकतंय? नवीन मागवा. यायला दिवाळी उजाडेल." मीनाचे दिवस गणपतीच्या आसपासचे.

काकू पुन्हा आपल्या खुर्चीत जाऊन बसल्या. चेहरा प्रसन्नच होता. पण आता तो कुठल्या गावाला गेल्याचा नव्हता. गाडी चुकलेल्या माणसाचा होता. मीना समोर बसून बोलायची आणि काकू तिच्या ओठांकडे बघून हसायच्या. चुकीच्या जागी हसायच्या, आणि ते आपल्याला कळलंय हे त्यांच्या डोळ्यांत दिसायचं.

काका मात्र पेटले. "मशीनाक काय झाला? पाणी प्याला. प्यालेला पाणी काढता येता." त्यांनी रजा टाकली. लोणच्याची रुंद तोंडाची बरणी धुऊन उन्हात ठेवली. ऊन नव्हतंच, मग शेगडीजवळ ठेवली. तळाला निळे दाणे, वर फडकं, फडक्यावर उघडलेली डबी, पुन्हा दाणे, झाकण, आणि झाकणाच्या फटीवर मेणबत्तीचं मेण. सकाळी बघावं तो दाणे गुलाबी. काका मेण खरवडत, दाणे तव्यावर घेत, परतत, निळे झाले की गार करून पुन्हा बरणीत, पुन्हा मेण. संध्याकाळी पुन्हा गुलाबी. मोघे दारातून डोकावून म्हणाले, "तिरोडकर, बाहेर बघा. अख्खी खाडी हवेत चढलीय. तुम्ही वाटीवाटीनं किती उपसणार?"

"तू हलवा खा, जा," काका म्हणाले.

रात्रंदिवस तवा तापवून त्यांचा सिलिंडर संपला. नवीन यायला तेव्हा वेळ लागायचा. म्हणून ते तवा घेऊन आमच्याकडे येऊ लागले. वसुधा काही म्हणाली नाही. मीही काही म्हणालो नाही, पण माझं न म्हणणं साठत जातं.

त्या रविवारी वसुधाचा भाऊ सहकुटुंब जेवायला यायचा होता. शेगडीच्या एका चुलीवर कुकर, दुसरीवर काकांचा तवा. भात व्हायचा होता, भाजी चिरून पडली होती. काका उलथनं हलवत होते आणि भिजल्या कबुतरासारखे माझ्याकडे बघत होते. म्हणाले, "पाध्या, तुला सांगतो, मुळात..." आणि थांबले.

ते थांबणं मला सहन झालं नाही.

"काका, कशासाठी चाललाय हा खटाटोप? तुम्ही बोलायला लागलात की काकू मशीन बंद करून बसतात. गेली कित्येक वर्षं. अख्ख्या बिल्डिंगला माहीत आहे, फक्त तुम्हाला नाही!"

वसुधाच्या हातातला तांदळाचा टोप तसाच राहिला. मला वाटलं, शब्द हवेतून परत ओढून घेता आले तर. तव्यावर दाणे बारीक आवाज करत होते.

काकांनी उलथनं थांबवलं नाही. वरही पाहिलं नाही.

"माका म्हायत आसा," ते म्हणाले.

दाणे परतत त्यांनीच पुढे सांगितलं. "मशीन आणलं त्या दिवशी मी तिला समोर बसवली. मीनाच्या जन्मापासून तिच्याशी धड बोललो नव्हतो रे. ओरडून ओरडून बोलायचं म्हणजे किती बोलणार? भाजी आण, दार लाव. एवढंच. त्या दिवशी सगळं सांगायला बसलो. कंपनी, दाणे, वाळू. अर्धा तास ऐकलंन तिनं. आणि मग हात पदराखाली गेला. मला दिसला."

"काका, मी..."

"वाईट वाटलं असेल, असं वाटतंय तुला? मेल्या, मी त्या दिवशी बायकोक घेऊन हॉटेलात गेलो. डोसो खाल्लो!" ते पहिल्यांदा हसले. "इतकी वर्षं तिला हवं असायचं तेही ऐकू यायचं नाही. आता नको असलं तर ती ऐकत नाही. तिच्या मर्जीनं. बंद करूक आधी चालू असाक व्हया ना रे! ओलीनं येऊन बंद केलं, ता माका चालूचा नाय."

दाणे निळे होत आले होते. काकांनी तवा उचलून थोडा तिरका केला.

"बटण जरा घट्ट आहे त्याचं," ते म्हणाले. "तिला सापडायला वेळ लागतो. म्हणून मी थांबतो."

वसुधानं टोप खाली ठेवला. "काका, तुमचं सावकाश होऊ दे. भात नंतर."

त्या दिवशी पाहुणे उशिरा जेवले. मी वाढताना एक शब्द बोललो नाही. पण मेव्हण्याला त्यात काही नवीन वाटलं नाही.

त्यानंतर बरणी आमच्याकडून त्यांच्याकडे आणि त्यांच्याकडून आमच्याकडे जात राहिली. काका ऑफिसला जायला लागल्यावर दुपारचा तवा वसुधा चढवायची. मीसुद्धा परतायला शिकलो. घाई करायची नाही, जास्त तापवायचे नाहीत, नाहीतर काळे पडतात आणि कायमचे जातात. मोघ्यांनी एक दिवस स्वतःच्या घरचा स्टोव्ह आणून ठेवला. आणि एका सकाळी काकांनी मेण खरवडलं तर दाणे निळेच. रात्रभर आत प्यायला काही उरलं नव्हतं. काकांनी झाकण पुन्हा लावलं. "अजून एक दिवस," म्हणाले. "सिलिका घाई करत नाही." दुसऱ्या दिवशीही निळे. मग त्यांनी डबीत सेल घातला, बटण दाबलं आणि नखानं जाळीवर टिकटिक केली. काकूंनी कान धरला. "अहो, केवढ्यांदा!" म्हणाल्या.

मीनाला मुलगी झाली. दवाखान्यातून घरी आणली त्या दुपारी आम्ही बघायला गेलो. बाळ आतल्या खोलीत पाळण्यात होतं, काकू बाहेर वसुधाला चहा देत होत्या. आतून बारीक आवाज आला. मांजर असावं इतका. आमच्यातलं कुणी हलायच्या आत काकूंनी कपबशी माझ्या हातात दिली आणि आत गेल्या. परत आल्या त्या बाळाला घेऊन. ते अजून रडत होतं, तोंड उघडं टाकून, आणि काकू त्याला गप्प करायच्या सोडून नुसत्या ऐकत उभ्या होत्या. मीना म्हणाली, "आई, अगं घे ना तिला खांद्यावर!" काकू म्हणाल्या, "थांब गं जरा."

बाळ निजलं. चहा झाला. मोघे आले, त्यांनी बाळासाठी चांदीचा वाळा आणला होता. काकांनी तो वाळा हातात घेतला, डोळे बारीक केले आणि म्हणाले, "मुळात..."

थांबले.

मी काकूंकडे पाहिलं. त्यांचा हात मांडीवरच होता. पाळण्याच्या खोलीचं दार उघडं होतं आणि त्यांचं सगळं लक्ष त्या दाराकडे. हात पदराखाली गेला नाही. काका आणखी जरा थांबले. मग वाळा त्यांनी मोघ्यांच्या हातात परत दिला.

"काय नाय," म्हणाले. "छान आहे."

बाळ आजोळी होतं तोवर त्या घरात सिलिकाचा शब्द निघाला नाही. मोघ्यांना वाटलं, तिरोडकरांची तब्येत बरी नसावी.

त्याच दिवसांत एका संध्याकाळी आमची बेल वाजली. काका दारात उभे, हात मागे बांधलेले, काहीतरी चुकून आल्यासारखे. "पाध्या, जेवायला बसला नाहीस ना?" मी आत गेलो, मिठाची बरणी आणली आणि त्यांच्यासमोर ठेवली. त्यांनी ती उपडी केली. मीठ पडलं नाही. टिचक्या मारल्या, तरी पडलं नाही.

"ओल आसा रे," ते म्हणाले. खुर्चीत बसले, आणि त्यांचा चेहरा उजळत गेला. "मुळात..."

आणि सवयीनं थांबले.

मी दोन्ही हात टेबलावर ठेवले, त्यांना दिसतील असे. "बोला काका," म्हटलं.